विंझरचा सत्कार

कॉलेजात शिकवणाऱ्या माणसाला दोन जन्म असतात. पहिला आईच्या पोटी, आणि दुसरा संस्थेच्या मंडळानं 'कायम' असा ठराव केला की. मधली वर्षं तो जगतो खरा, पण कुणी विचारलं तर आपण नक्की कोण, हे त्याला धड सांगता येत नाही. रघुवीर खासनीस भोरच्या कॉलेजात चार वर्षं असाच लोंबकळत होता. जूनमध्ये नेमणूक, एप्रिलमध्ये सेवा समाप्त, पुन्हा जूनमध्ये अर्ज. उन्हाळाभर तो साताऱ्याला सासुरवाडीत बेकार जावई म्हणून आंबे खायचा आणि ते आंबेही त्याला आंबट लागायचे. बायको, शैलजा, तोंडानं काही बोलत नसे. सासरे मात्र रोज न चुकता विचारत, "काय म्हणतंय तुमचं मंडळ?"

त्यातून विषय अर्धमागधी. जैनांच्या जुन्या ग्रंथांची ही भाषा भोरच्या बाजारात कुणाच्या कामाची नव्हती. पोरं ती घ्यायची संस्कृतला भिऊन, आणि मार्क बरे पडतात म्हणून. रघुवीरचं मात्र तिच्यावर खरंच प्रेम होतं. एखादी गाथा फळ्यावर लिहिली की तो स्वतःच तिच्याकडे पाहत उभा राहायचा आणि मागच्या बाकावरची पोरं तेवढ्यात डुलकी काढून घ्यायची.

एकाहत्तरच्या जूनमध्ये प्राचार्यांनी त्याला बोलावून घेतलं. यंदापासून नवा हुकूम आला होता. पहिल्या वर्गात विषयाला दहा मुलं नसतील तर विषय बंद आणि शिकवणाराही बंद. उलट दोन वर्षं वर्ग नीट भरला, तर मंडळ खासनिसांना कायम करणार, हेही प्राचार्यांनी सांगून टाकलं. रघुवीरकडे नऊ नावं आली होती.

त्या काळी जून उजाडला की प्राध्यापक मंडळी गावोगाव पोरं गोळा करत हिंडायची. लग्न जमवणाऱ्या मध्यस्थांनी लाजावं अशी ती धावपळ. अर्थशास्त्रवाले नसरापूरचा आठवड्याचा बाजार धरायचे. इतिहासवाल्यांचे दोन मेव्हणे वरवे गावच्या शाळेत होते, त्यांचा वर्ग बसल्या जागी भरायचा. रघुवीरला ना मेव्हणे ना बोलण्याची कला. शेवटी प्राचार्यांनाच त्याची दया आली. विंझरच्या गेनबा ओव्हाळांची मुलगी, रतन, मॅट्रिकला चांगल्या मार्कांनी पास झाली आहे, म्हणाले. बौद्धवाड्यातली पहिली मॅट्रिक. "जा, घरात जाऊन बसा. आणि पाणी मागून प्या, खासनीस. तुमच्यासारख्यानं पाणी मागितलं की ती माणसं नाही म्हणत नाहीत."

हा सल्ला ऐकून रघुवीरला कसंसंच झालं. तरी नसरापूरला गाडी बदलून तो विंझरला गेलाच. गरजवंताला अक्कल नसते म्हणतात, पण ते खरं नव्हे. गरजवंताला अक्कल पुष्कळ असते, लाज तेवढी नसते.

गेनबाचं घर दोन खणांचं, सारवलेलं, दारात शेवग्याचं झाड. कॉलेजातले सर आपल्या दारात उभे राहिलेले पाहून गेनबा गडबडला. त्याची बायको अक्काबाई आत-बाहेर करू लागली. रतन भिंतीला टेकून उभी होती. तिच्याबद्दलची बातमी रघुवीरला तिथंच कळली: पुण्याच्या अध्यापक विद्यालयात तिची निवड झाली होती. दोन वर्षांचा कोर्स, आणि पुढं वेल्हे तालुक्यातल्या एखाद्या शाळेत नक्की नोकरी, कारण तालुक्याला मास्तरणी हव्याच होत्या. आठ दिवसांत पुण्याला जाऊन हजर व्हायचं होतं.

खरं तर त्यानं अभिनंदन करून उठायला हवं होतं. ते त्याला त्या क्षणी स्वच्छ कळलंही होतं. पण तो उठला नाही. त्यानं पाणी मागितलं.

अक्काबाई घुटमळली. गेनबानं तिच्याकडे पाहिलं. मग तिनं तांब्या घासून आणला आणि रघुवीरनं सगळ्यांदेखत, सावकाश, तो सबंध रिकामा केला. त्याला विटाळबिटाळ काही वाटत नव्हतं. त्या बाबतीत तो स्वतःला पुढारलेला समजायचा. पण तो तहान लागली म्हणून प्याला नाही. ते पाणी त्यानं तिथं डाव म्हणून लावलं होतं आणि गेनबाचे डोळे भरून आलेले दिसले तेव्हा डाव लागल्याचं त्याला कळलं.

मग तो बोलला. प्राथमिक शाळेची मास्तरीण काय, बी.ए. झाली तर हायस्कुलाची बाई होईल. अध्यापक विद्यालय काय पळून जातंय, ते पुढच्या वर्षीही असेल. फी माफ आहे, शिष्यवृत्ती मिळेल. आणि विषय अर्धमागधीच घ्यायचा, मी स्वतः शिकवतो. "बी.ए. होईपर्यंत मी आहे, गेनबा. मी शब्द देतो."

स्वतः जूनपासून एप्रिलपर्यंतचा माणूस, आणि चार वर्षांचा शब्द देऊन मोकळा झाला. गेनबा लेकीकडे वळला. "काय म्हनतीस?" रतन बराच वेळ रघुवीरकडे पाहत राहिली. मग म्हणाली, "जाते कॉलेजात."

दहावं नाव लागलं. वर्ग भरला. रतन भोरला मावशीकडे राहिली आणि रोज पहिल्या बाकावर बसली. पोरगी हुशार निघाली. रघुवीरनं लिहिलेली गाथा खरोखर वाचणारी ती एकटीच होती. त्यामुळे रघुवीर हळूहळू स्वतःला पटवू लागला की आपण काही वाईट केलं नाही, झालं तर भलंच केलं. माणसाला स्वतःची समजूत घालायला फार वकील लागत नाहीत.

दुसऱ्या वर्षी बारा मुलं आली. त्र्याहत्तरच्या मार्चमध्ये मंडळानं ठराव केला आणि घोडं एकदाचं गंगेत न्हालं. रघुवीर कायम झाला. शैलजानं पेढे वाटले. सासऱ्यांनी पहिल्यांदाच त्याला 'प्राध्यापकसाहेब' म्हटलं. आणि त्याच ठरावाच्या पोटात दुसरी गोष्ट होती. संस्थेच्या पुण्याच्या कॉलेजात जागा रिकामी झाली होती, कायम माणूस हवा होता, जूनपासून खासनिसांनी तिकडे जावं. भोरला अर्धमागधी बंद. ज्यांनी ती घेतली होती त्यांनी विषय बदलून मागची वर्षं पुन्हा करावी, किंवा पुण्याला यावं.

त्यानं नाही म्हणायला हवं होतं, निदान एक वर्ष मागायला हवं होतं. प्राचार्यांच्या खोलीच्या दारापर्यंत तो दोनदा जाऊनही आला. मग पुण्यात भाड्याची खोली बघायला गेला.

बदलीची बातमी विंझरला पोचायच्या आतच, सर कायम झाले ही बातमी तिथं पोचली होती. गेनबा स्वतः भोरला आला. बौद्धवाड्यानं सरांचा सत्कार करायचं ठरवलं होतं. रघुवीरनं परीक्षांचं निमित्त सांगितलं, तब्येतीचं सांगितलं, पण गेनबा हसत उभाच राहिला. शेवटी रविवारी दुपारी तो विंझरला गेला.

समाजमंदिरापुढे मांडव होता. बाया, पोरं, म्हातारीकोतारी, सगळी जमली होती. रघुवीरच्या डोक्याला फेटा बांधला गेला. तो घट्ट होता, पण सैल कर म्हणायची त्याची छाती झाली नाही. हार घालायला एक तरतरीत मुलगी पुढं आली, आणि कुणीतरी ओळख करून दिली: ही शेजारच्या पाली गावची सुलू. रतननं सोडली ती पुण्याची जागा हिला मिळाली, आता कोर्स पुरा झाला, जूनपासून पालीच्याच शाळेत मास्तरीण. सुलूनं वाकून नमस्कार केला. रघुवीरला मेल्याहून मेल्यासारखं झालं. रतन बायांच्या घोळक्यात मागं बसली होती. तिच्याकडे बघायचं त्यानं टाळलं.

मग गेनबा बोलायला उठला. त्याला भाषणाची सवय नव्हती. तो थांबून थांबून बोलत होता.

"आमच्या दारात लई जन आलं. मतं मागाय आलं, येठबिगारीला बोलवाय आलं. पर सर आलं, घरात बसलं, आन आमच्या तांब्यानं पानी प्यालं. मागून प्यालं. त्या दिशी म्या रतनच्या आईला म्हनलं, ह्या मानसानं पोरगी मागितली तर इहिरीत ढकलाय बी दीन. तवा लोक म्हनलं, गेनबा, नोकरी सोडतोस, येडा झालास. आता बगा. सर कायम झालं. रतन बी.ए. व्हईपत्तर सर हितनं हलत न्हाईत. सबूद हाय त्यांचा."

टाळ्या पडल्या. रघुवीरला वाटलं, आत्ता उठावं आणि सगळं सांगून टाकावं: पाणी कशासाठी प्यालो ते, नऊ नावं, पुण्याची खोली. तो उठलाही. माणसं ऐकायला थांबली. आणि त्याच्या तोंडून शिक्षणाचं महत्त्व बाहेर पडलं. चांगली पाच मिनिटं तो शिक्षणाच्या महत्त्वावर बोलला. आपलाच आवाज ऐकून त्याला किळस आली, आणि तरी तो बोलत राहिला.

परतताना गेनबानं रतनला सांगितलं, सरांना फाट्यापर्यंत सोड. तो स्वतः मांडव उतरवायला थांबला. दोघं चालत निघाली. फाट्यावर दुसरं कुणी नव्हतं. कॉलेजात रतन अगदी पुस्तकी बोलायची. इथं मात्र ती घरच्या बोलीत बोलली.

"सर, जूनपासनं तुमी पुण्याला ना?"

कुणी सांगितलं, म्हणून त्यानं विचारलं. ऑफिसातून कळलं, ती म्हणाली, विषय बंद झाल्याचंही कळलं. तिच्या आवाजात राग नव्हता. राग असता तर त्याला बरं वाटलं असतं. तो घाईघाईनं म्हणाला की पुण्याला ये, काहीतरी सोय होईल, मी बघतो. तिनं फक्त मान हलवली. गेनबाला पुण्याचा खर्च झेपायचा नाही, आणि झालेली दोन वर्षं पुन्हा करायचाही नाही, हे त्यालाही माहीत होतं.

"आनि तुमाला दहा लागत हुतं, ते बी ठावं हुतं मला," ती म्हणाली. "मावशी कॉलेजात झाडलोट करती. तुमी यायच्या आदल्याच दिशी तिनं घरी येऊन सांगितलं हुतं."

"मग का आलीस?" त्यानं विचारलं. "नाही म्हणायचंस. नोकरी होती हातात."

रतननं वेल्ह्याच्या बाजूला पाहिलं. गाडी अजून दिसत नव्हती.

"आमाला द्याय समदी येत्यात, सर. सवलत देत्यात, उपदेश देत्यात. मागाय कोन येत न्हाई. तुमी आलात. म्हनलं, ह्यांची अडचन आपल्यानं भागतीय, तर भागू द्यावी."

रघुवीरच्या कानशिलापर्यंत लाज चढली. फेटा अजून डोक्यावरच होता. तो त्यानं काढला आणि कुठं ठेवावा ते न कळून हातात धरून उभा राहिला. मी गेनबांना सांगतो, तो म्हणाला. आत्ताच परत जातो आणि सगळं सांगतो. हे म्हणताना तो मनापासून म्हणत होता. निदान तेवढं तरी खरं होतं.

"नगा," रतन म्हणाली. "आबांनी समद्या वाड्याला जेवान घातलंय आज. तुमी सांगितलं तर ह्यातलं कायच ऱ्हायचं न्हाई त्यांच्याकडं. तुमी जावा. म्याच सांगीन, मला अभ्यास जमंना म्हनून सोडलं. सर ऱ्हायला तयार हुते, मलाच डोकं न्हाई, आसं सांगीन. पोरीवर रागवत्याल थोडं दिस. तेवढं चालंल."

पहिल्या बाकावरची ती पोरगी. इतक्या वर्षांत भेटलेली एकटी खरी विद्यार्थिनी. तिला डोकं नाही, असं सबंध विंझर म्हणणार होतं, आणि तिच्या बापाला ते खरं वाटणार होतं. रघुवीरनं नाही म्हणायला तोंड उघडलं. तेवढ्यात वळणावर एस.टी. दिसली. गाडीनं धूळ उडवत ब्रेक मारला, कंडक्टरनं दार उघडलं, आणि चला लवकर, म्हणाला.

"बरं," रघुवीर म्हणाला, आणि गाडीत चढला.

खिडकीशी बसल्यावर त्याला जे वाटलं ते त्यानं पुढं शैलजालाही कधी सांगितलं नाही. त्याला हायसं वाटलं होतं.