दूध, अंडं, मध, आलं

फोन आला तेव्हा पैमान निखाऱ्यावर आलं भाजत बसला होता. हॉस्पिटलातून मेहुणा बोलत होता, त्रियोनो. "दाजी, ताई गेली," एवढंच म्हणाला. आलं जळून कोळसा झालं तरी पैमान उठला नाही.

इंडोनेशियातल्या मलांग शहरात एका कोपऱ्यावर बावीस वर्षं या नवरा-बायकोची गरम पेयाची गाडी होती. निखारा आणि आलं त्याच्याकडे, ग्लास कास्मियातीकडे.

चाळिसाव्या दिवशी प्रार्थनेला सगळी गल्ली येणार होती. येईल त्याच्या हातात कास्मियातीचंच पेय द्यायचं आणि ते आपणच करायचं, असं पैमाननं ठरवून टाकलं.

"तुम्हाला येतं का पण?" त्रियोनोनं विचारलं.

"न यायला काय झालं? नावातच आहे की सगळं. एस-ते-एम-जे. दूध, अंडं, मध, आलं."

गाडीच्या कापडावर त्या चार जिनसांच्या इंडोनेशियन नावांची पहिली अक्षरं रंगवलेली होती. पैमान त्याच क्रमानं गेला. ग्लासात उकळतं दूध ओतलं, वर अंडं फोडलं. अंड्याच्या गुठळ्या झाल्या.

सायकलरिक्षावाला सुगेंग रोजचं गिऱ्हाईक. त्यानं चमचा फिरवून बघितला. "काका, हे प्यायचं की चावायचं?"

"चाव."

"काकू असत्या तर तुम्हालाच चावल्या असत्या."

पैमाननं दुसरं अंडं फोडलं. त्या दिवशी अकरा अंडी गेली, दुसऱ्या दिवशी नऊ. तिसऱ्या दिवशी त्याला तिचा हात आठवला. आधी बलक आणि मध, पांढरं होईपर्यंत फेटायचं. आल्याचं गरम दूध शेवटी, बारीक धारेनं.

"मग नाव असं उलटंपालटं का ठेवलं?" त्रियोनो म्हणाला.

"ठेवणाऱ्याला बोलायला सोपं पडलं असेल. त्याला कुठं ग्लास भरायचा होता!"

चाळिसाव्या दिवशी प्रार्थना झाली, ग्लास फिरले. एकातही गुठळी नव्हती. सुगेंगनं ग्लास रिकामा केला आणि म्हणाला, "जमलंय, काका. पण काकूंच्या हातच्यात आणखी काहीतरी असायचं. मसाल्याचं."

"नावात चारच आहेत."

"असतील. जिभेला पाच लागायचे."

पैमान वाद घालत बसला नाही. दुसऱ्या दिवशी मसाल्याच्या दुकानात गेला आणि रोज एक ग्लास वेगळा करायला लागला. सुगेंग चाखतो आणि मान हलवतो, नाही म्हणून. लवंग झाली, दालचिनी झाली, वेलदोडा झाला. जायफळ अजून घालून बघायचं आहे.