किल्ला कुठल्या बाजूला

"समोर नको बसूस गं. अशी माझ्या शेजारी येऊन बस."

माईचा आवाज कानात आला तशा सुनेत्राबाई किंचित डावीकडे सरकल्या. नॉटिंगहॅमच्या त्या अरुंद पोर्चमध्ये शेजारी बसायला कुणी नव्हतं. माईलाही जाऊन वर्षं लोटली होती. तरी रांगोळीची चिमूट हातात घेतली की त्या जागा करून द्यायच्याच.

लहानपणी त्या उंबऱ्यावर बसून, अंगणात बसलेल्या माईकडे तोंड करून रांगोळी शिकल्या होत्या. लक्ष्मीची पावलं माईच्या हातून निघायची ती थेट आपल्याकडे चालत येताना दिसायची. मग एका दिवाळीला माईच्या जागी अंगणात बसून त्यांनी एकटीने पावलं काढली आणि तशीच आपल्याकडे येणारी काढली. शेजारच्या काकू फाटकातून ओरडल्या, "अगं बाई, हिची लक्ष्मी घराबाहेर निघाली!" माई रागावली नाही. तिने पावलं पुसली आणि मुलीला हाताला धरून आपल्या शेजारी बसवलं.

कार्तिक महिना चालला होता. रोज उजाडताच दारात रांगोळी आणि मग पूजा, हा सुनेत्राबाईंचा नेम इकडे मुलाकडे आल्यावरही मोडला नव्हता. पाऊस तिरका आला की अर्धी रांगोळी वाहून जायची. त्या दुसऱ्या दिवशी पुन्हा काढायच्या.

मागे दार उघडलं. सून चैत्राली कॉफीचा मग घेऊन पायरीवर येऊन टेकली. ती आणि समर काल संध्याकाळीच पोलंडहून, क्राकोवहून परतले होते.

"आई, तुमच्या हलिनाआजी ना, जीनियस आहेत. त्यांनी सांगितलेलं एकही ठिकाण टूरिस्टांच्या यादीत नव्हतं. पण डिरेक्शन्स! टोटल उलट्या."

"उलट्या म्हणजे?"

"म्हणजे त्यांनी सांगितलं, मोठ्या चौकात उभं राहायचं, सकाळचं ऊन उजव्या गालावर घ्यायचं आणि सरळ चालायचं, की किल्ला. आम्ही चाललो. थंडीत कुडकुडत. किल्ला आपला पाठीमागे! समर म्हणाला, आजींना नव्वदी लागायला आली, सोड, मॅप लाव. मी म्हटलं, नाही. त्या सांगतात त्याच्या बरोब्बर उलटं करून बघू."

"मग?"

"मग काय, सगळं सापडलं! किल्ल्याच्या अलीकडची गल्ली त्यांनी उगवतीच्या बाजूला सांगितलेली, ती निघाली मावळतीच्या. आणि तिथे ते दार. वर दगडात कोरलेला मासा, शेपटी तुटलेली. आई, आमच्याशिवाय तिथे कुत्रंसुद्धा नव्हतं."

तिने फोन पुढे केला. नदीपलीकडच्या टेकडीवरचं एक चिमुकलं चर्च, वर्षातून एखाद-दोन दिवसच उघडणारं, कुलूप लावलेलं. मातीचा एक उंच, गोल ढिगारा. लोकांनी आपल्या राजासाठी अंगरख्याच्या बाह्यांमधून माती वाहून तो रचला, अशी तिथली कथा. मग किल्ल्याच्या अंगणातला एक कोपरा आणि तिथल्या भिंतीला पाठ टेकून, डोळे मिटून उभी असलेली चैत्राली.

"हे काय करतेयस?"

"इथे खाली म्हणे शंकराने फेकलेला दगड आहे. लोक येऊन पाठ टेकतात. गार्ड हाकलतो, की परत येतात."

"पोलंडात शंकर?"

"तुमचाच देव, तुम्हीच विचारा त्याला."

सुनेत्राबाई हसल्या. पण हसता हसता त्यांचा हात थांबला. "तो मॅप दाखव बरं शहराचा."

चैत्रालीने दाखवला. चौक मध्ये, किल्ला खाली, नदी त्याच्याही खाली. सुनेत्राबाईंनी फोन हातात घेतला आणि सावकाश फिरवून उलटा धरला. नकाशा आपोआप सरळ झाला.

"अहो, तो फिरतो. काय हवंय?"

"काही नाही," त्या म्हणाल्या. "ते फोटो माझ्या फोनवर पाठव. माशाचं दार आधी."

पूजा झाल्यावर त्यांनी दिवाळीतले उरलेले बेसनाचे लाडू डब्यात भरले आणि त्या दोन घरं सोडून राहणाऱ्या हलिनाबाईंकडे गेल्या.

त्यांची ओळख बसस्टॉपवरची. सुनेत्राबाई समरला "चल, चल, उशीर झाला" म्हणत होत्या, तर बाकावरची एक पांढऱ्या केसांची गोरी म्हातारी खुदकन हसली आणि म्हणाली, "भाजी घ्या बाई, भाजी!" युद्धाच्या काळात कोल्हापूरजवळ वळिवड्याच्या छावणीत पोलंडची हजारो बायकामुलं आसऱ्याला होती. हलिनाबाई त्यांतल्याच एक, तेव्हा परकरी पोर. भाजीवालीची ती हाळी एवढंच मराठी त्यांच्यापाशी उरलं होतं. गडहिंग्लजच्या सुनेत्राबाईंना ते पुष्कळ झालं. तेव्हापासून दोघींचं जाणं-येणं होतं. बोलणं इंग्रजीतच चालायचं, सुनेत्राबाईंचं मोडकंतोडकं आणि हलिनाबाईंचं हेल काढलेलं.

हलिनाबाई स्वयंपाकघरात पीठ मळत होत्या. टेबलभर मैदा सांडला होता. डबा बघून नेहमीसारखी त्यांनी थट्टा केली नाही.

"आली का तुमची मुलं?"

"आली काल. खूश आहेत."

"आणि ते दार?" हलिनाबाई पिठाकडेच बघत होत्या. "नसेलच सापडलं."

"सापडलं की."

"बाई, तुम्ही देवाधर्माच्या. माझं मन राखायला खोटं बोलू नका."

सुनेत्राबाईंनी फोन टेबलावर ठेवला. हलिनाबाईंनी हात पुसले, चष्मा लावला, काढला, पुन्हा लावला. शेपटी तुटलेल्या त्या माशाकडे त्या इतका वेळ बघत राहिल्या की पडदा काळा झाला. सुनेत्राबाईंनी बोटाने तो पुन्हा उजळला.

"तिथे जाऊन आला असालच ना तुम्ही?"

"एकदाच. एक्क्याण्णव साली, तिकडचं सरकार बदलल्यावर." हलिनाबाई खुर्चीत बसल्या. "त्याआधी मी ते शहर कधी पाहिलंच नव्हतं. माझा जन्म पूर्वेकडच्या खेड्यातला. आई क्राकोवची, लग्न होऊन तिकडे गेलेली. रशियन शिपायांनी आम्हाला तिथून उचललं. छावणीत आई रोज संध्याकाळी बराकीपुढच्या मातीत काडीने शहर काढायची. आज ही गल्ली, उद्या ती. माशाचं दार तिच्या घराचं. छावणीतल्या बायका हसायच्या. म्हणायच्या, ही कसली क्राकोवची, कुठल्या खेड्यातली आहे ती, उगाच बढाया मारते."

"आणि तुम्ही?"

"मी भांडायचे त्यांच्याशी. एकीचे केस ओढले होते." त्या हसल्या, पण हसू टिकलं नाही. "मग एक्क्याण्णवला गेले. आई इथेच नॉटिंगहॅमला वारली होती. म्हटलं, तिचं दार बघून येऊ. चौकात उभी राहिले आणि निघाले. किल्ला नाही. गल्ली नाही. एका पोलिसाला विचारलं, तर तो माझ्याकडे बघतच राहिला. म्हणाला, बाई, किल्ला तुमच्या पाठीमागे आहे, इथलं शेंबडं पोरही सांगेल. सुनेत्राबाई, जिला किल्ला कुठल्या बाजूला आहे तेच ठाऊक नाही, ती त्या शहरात वाढली कशी असेल? मी पुढे गेलेच नाही. दुसऱ्या दिवशीच्या गाडीने परत फिरले. त्या बायका खरंच बोलत होत्या, म्हटलं."

"मग चैत्रालीला का पाठवलंत?"

हलिनाबाई उठल्या. पिठाच्या गोळ्यावर त्यांनी ओलं फडकं टाकलं, ते चारही बाजूंनी नीट खोचलं.

"मरायच्या आधी एकदा कुणीतरी दुसऱ्याने बघावं म्हणून. ती खोटी होती, की मीच घाबरट."

सुनेत्राबाई उठल्या. टेबलावरचा मैदा त्यांनी तळहाताने सारखा केला. "आई काढायची तेव्हा तुम्ही कुठे बसायचात?"

"कुठे म्हणजे? तिच्यापुढे. धाकटा भाऊ तिच्या कुशीत असायचा. मी समोर."

सुनेत्राबाईंनी मैद्यात बोटाने एक चौकोन काढला. "हा चौक." मग आपल्या पोटाजवळ, टेबलाच्या काठाशी, एक गोल काढला. "हा किल्ला. मी तुमची आई. आता तुमच्याकडून बघा. किल्ला कुठे दिसतो?"

"वर."

"नकाशात वरची बाजू कुठली?"

"उत्तर. छावणीतल्या शाळेत पहिल्याच दिवशी शिकवलं होतं..." हलिनाबाई बोलता बोलता थांबल्या.

सुनेत्राबाईंनी त्यांच्या कोपराला धरून त्यांना उठवलं. टेबलाला वळसा घालून आपल्या बाजूला आणलं, आपल्या जागी उभं केलं आणि स्वतः बाजूला झाल्या. मैद्यातला किल्ला आता हलिनाबाईंच्या पोटाशी आला होता, चौकाच्या खाली. फोनवरच्या नकाशात होता तिथेच.

बाहेर कुणाची तरी गाडी बराच वेळ चालू होत नव्हती. ती चालू होऊन गेली तरी हलिनाबाई तशाच उभ्या होत्या. मग त्यांनी एक बोट लावलं, चौकातून खाली किल्ल्याकडे नेलं, किल्ल्याच्या अलीकडे मावळतीला वळवलं आणि तिथेच दाबून धरलं.

त्या पोलिशमध्ये काहीतरी पुटपुटल्या आणि मग इंग्रजीत म्हणाल्या, "सगळं बरोबर सांगत होती."

सुनेत्राबाईंनी चहा ठेवला. हलिनाबाईंच्या घरात दूध कुठे, साखर कुठे, त्यांना माहीत होतं. कप पुढे ठेवला तेव्हा हलिनाबाईंचे गाल ओले होते आणि ते पुसायचं त्यांना सुचलेलं नव्हतं.

"तिकडून आल्यापासून मी तिच्या थडग्यावर गेले नाही," त्या म्हणाल्या. "भाऊ जायचा. तोही गेला. मग कुणीच नाही. चर्चमध्ये तिच्या नावाने प्रार्थना सांगायची असते दर वर्षी, तीही मी सांगितली नाही. पाद्रीबाबा विचारायचे, तर मी म्हणायचे, पुढच्या वर्षी." त्यांनी कप उचलला, न पिताच खाली ठेवला. "उद्या आमचा मेलेल्यांचा दिवस. सगळे जाऊन दिवे लावतात. दफनभूमी टेकडीवर आहे, ती सगळी टेकडी लाल दिसते."

सुनेत्राबाईंनी साखरेचा डबा झाकून जागेवर ठेवला.

"दिवे माझ्याकडे आहेत. लाल काचेचे. दर वर्षी आणते आणि कपाटात ठेवते, मूर्खासारखी." हलिनाबाई खिडकीबाहेर बघत होत्या. "तिथला चढ मला एकटीला झेपणार नाही. पण खरं सांगू का, बाई, चढाचं निमित्त आहे. एकटीने तिच्यासमोर जाऊन उभं राहायचं धाडस होत नाही. तुम्ही याल?"

सुनेत्राबाईंच्या घरच्या बायका स्मशानात जात नसत. माईला नेलं तेव्हा त्या दारापर्यंतच गेल्या होत्या. यजमानांच्या वेळीही तेच, समर गेला आणि त्या आतल्या खोलीत बसून राहिल्या. शिवाय उद्या एकादशी. वर्षातली मोठी एकादशी. दिवसभर सोवळ्यात राहून देवापुढे बसायचं, हा नेम त्यांनी परदेशात, आजारपणात, विमानातसुद्धा पाळला होता.

टेबलावरचा मैदा त्यांनी पुसला नाही. त्याला हात न लावता कडेने फक्त कप उचलले आणि विसळले.

"किती वाजता निघायचं?" त्यांनी विचारलं.

"तुमची पूजा झाल्यावर."

"येते मी. नक्की."

दुसऱ्या दिवशी चैत्राली जिन्यावरून खाली आली तेव्हा देवापुढची समई शांत जळत होती आणि सुनेत्राबाई साडीवर जाड कोट चढवून, वाकून बूट घालत होत्या.

"आई, आज एकादशी ना? साबुदाणा भिजवलेला दिसला नाही. करू का मी काही? वऱ्याचे तांदूळ?"

"नको गं. आज दुधावरच राहीन."

"आणि एवढ्या थंडीत निघालात कुठे? आजच्या दिवशी तर तुम्ही देवाजवळून हलत नाही."

"हलिनाबाईंबरोबर जाऊन येते." सुनेत्राबाईंनी बुटाची नाडी ओढून गाठ मारली. "गरम पाणी तेवढं चालू ठेव. आल्या आल्या डोक्यावरून आंघोळ करायची आहे. आणि मी आंघोळ करीपर्यंत मला शिवू नकोस."

चैत्रालीच्या पुण्याच्या घरीही हे वाक्य असंच म्हटलं जायचं, एकाच ठिकाणाहून आल्यावर. जायच्या आधी ते कुणी म्हटलेलं तिने ऐकलं नव्हतं. काही विचारावंसं तिला वाटलं असेल, पण सासूचा चेहरा बघून तिने ते गिळलं.

"बॉयलर लावून ठेवते," ती म्हणाली. "टॉवेल दाराशीच ठेवते. म्हणजे तुम्हाला कशाला हात लावायला नको."

सुनेत्राबाईंनी मान हलवली आणि दार ओढून घेतलं.

हलिनाबाई आपल्या फाटकाशी केव्हाच्या येऊन उभ्या होत्या. डोक्याला काळा रुमाल, एका हातात काठी, दुसऱ्या हातात दिव्यांनी भरलेली पिशवी. सुनेत्राबाईंनी न बोलता ती पिशवी आपल्याकडे घेतली. आत काचेवर काच किणकिणली. हलिनाबाईंनी त्यांच्या दंडाला धरलं आणि दोघी बसस्टॉपच्या दिशेने सावकाश चालू लागल्या.