डावीकडची बादली

"हिरवं झालं! अरे, हिरवं झालं बघ!"

वसईजवळच्या जूचंद्रच्या त्या पत्र्याच्या शेडमध्ये तीन-चारशे माणसं एकदम ओरडली. मोबाइल वर गेले. मागचे लोक खुर्च्यांवर चढले. आणि स्टेजवर जांभूळबाबांनी काचेचा ग्लास ट्यूबलाइटसमोर धरून असा फिरवला, जसा काही वर्ल्ड कपच उचललाय.

चमत्कार होताच तसा. बाबांच्या पुढ्यात भलीमोठी काचेची बरणी. त्यात जांभळं बुडवलेली, वर 'अमृत' भरलेलं. लालभडक, जांभळटसर. आजारी माणसानं रिकाम्या ग्लासात तीन फुंकरा मारायच्या. मग बाबा बरणीतून पळीभर अमृत त्यात ओतणार. आता निर्मळच्या काशिनाथनं फुंकरा मारल्या, बाबांनी ओतलं, आणि बरणीत लाल दिसणारं ते पाणी ग्लासात पडताक्षणी विहिरीतल्या शेवाळासारखं हिरवं झालं.

"बघा, ही ह्याच्या रक्तातली साखर!" बाबा माइकवर गरजले. "श्वासावाटे बाहेर आली आणि जांभूळमातेनं पकडली! डॉक्टर काय करतो? सुई टोचतो, रक्त काढतो, रिपोर्टला उद्या या म्हणतो. आमचा रिपोर्ट आत्ता! आणि तोही रंगीत! जांभळात व्हायब्रेशन असतं माउली. व्हायब्रेशन साखरेला चिकटतं. अमेरिकेत ह्याच्यावर चर्चा चालू आहे!"

कुठल्या अमेरिकेत, कोणाची चर्चा, हे विचारायचं कोणालाच सुचलं नाही. सगळे टाळ्या वाजवत होते.

टाळ्या न वाजवणारी एकच बाई होती. काशिनाथची बायको, शांता. ती नवऱ्याच्या पायाकडे बघत होती. उजव्या पायाच्या करंगळीला चप्पल लागून जखम झाली होती आणि पंधरा दिवस झाले तरी ती भरत नव्हती.

"तीन रविवार, तीन बाटल्या," बाबांनी निकाल दिला. "रोज सकाळी अनशापोटी दोन झाकणं. आणि ते इंजेक्शन बंद. विष आणि अमृत एका घरात नांदत नाही. आजचा सोडून तिसऱ्या रविवारी ग्लास लाल झाला की तू सुटलास."

लगेच पुढची बाई आली, अर्नाळ्याची. तिचा तिसरा रविवार होता. बाबांचा माणूस सुरज, पांढऱ्या कुडत्यातला, त्यानं बादलीतून ग्लास खळबळून काढला. बाईनं फुंकरा मारल्या, बाबांनी ओतलं. लाल! डाळिंबासारखं लखलखीत लाल!

"सुटली!" शेड हादरली.

काशिनाथनं डोळे पुसले. घरी येऊन त्यानं फ्रिजमधल्या इन्शुलिनच्या शिश्या काढल्या आणि कचऱ्याच्या डब्यात टाकल्या. शांतानं त्या गुपचूप उचलून भाजीच्या खणात कोथिंबिरीखाली लपवल्या.

---

काशिनाथ म्हणजे काही अडाणी माणूस नव्हे, हे आधीच सांगतो. केळीची बाग, सोनचाफ्याची साठ झाडं, बँकेत लावलेला मुलगा. बागेच्या पाइपात कचरा कुठं अडकलाय ते नुसत्या आवाजावरून ओळखणारा माणूस. पण बारा वर्षं गोळ्या आणि दोन वर्षं सुया घेऊन तो कंटाळला होता. कंटाळलेल्या माणसाला कोणीतरी "सुटशील" म्हटलं की तो पाइप तपासत नाही.

पहिल्या आठवड्यात तो म्हणाला, "शांते, अंगात कशी गरमी आलीय!"

येणारच. अनशापोटी दारू घेतल्यावर दुसरं काय येतं? बाटली उघडली तसा शांताला वास आला होता. साधी व्होडका होती. तिला तो वास चांगला माहीत होता.

दुसऱ्या आठवड्यात म्हणाला, "वजन चार किलो उतरलं. हलकं वाटतंय!"

रात्रभर बाथरूमच्या फेऱ्या चालू होत्या. साखर शरीराला लागतच नव्हती, अंगातलं मांस जळत होतं. त्याला वाटलं, रोग जळतोय.

तिसऱ्या आठवड्यात जखम काळी पडली. "पण दुखत नाही ना अजिबात! दुखत नाही म्हणजे बरं होतंय."

शांता त्याच दुपारी मोबाइलवर पायाचा फोटो घेऊन गावातल्या डॉक्टरीणबाईंकडे गेली. बाईंनी फोटो मोठा करून बघितला आणि चष्मा काढला. "दुखत नाही, हेच वाईट आहे. नसा मेल्यात. सोमवारच्या आत आणा त्यांना. नाहीतर बोटावर भागणार नाही, पाय कापावा लागेल."

काशिनाथ म्हणाला, "रविवार होऊ दे. ग्लास लाल झाला की तुझ्या डॉक्टरीणबाईलाच बाटली पाठवतो."

---

तो शुक्रवार होता. शांता ओट्यापाशी बरण्या धूत होती. जांभळाचा मोसम संपत आला होता आणि दरवर्षीची बाटली घालायची राहिली होती. हे तिला शेजारच्या रिटामावशीनं शिकवलेलं, लग्न होऊन आली त्याच वर्षी. बहाडोलीची टपोरी जांभळं पुसून सुकवायची, काट्यानं टोचायची, बरणीत थर लावायचे, दोन लवंगा, दालचिनीचा तुकडा, थोडी साखर, आणि वरून दुकानातली व्होडका फळ बुडेपर्यंत. सहा आठवडे अंधारात. दारू सालीतला रंग ओढून घेते. नाताळात रिटामावशीकडे आणि दिवाळीत शांताकडे, पाहुण्यांपुढं बोटभर ग्लास. ह्याला कोणी अमृत म्हणत नव्हतं. जांभळाची बाटली म्हणायचे.

रिटामावशी मागच्या दारानं आत आली, बरणीत डोकावली आणि ओरडली.

"शांता, सोड्यानं धुतेस? मग चार पाण्यानं खळबळ गो बाय! नायतर पहिल्या वर्षासारखं करशील."

शांताचा हात बरणीतच राहिला.

पहिलं वर्ष. तेव्हा तिनं बरणी कपड्याच्या सोड्यानं घासली होती आणि नीट खळबळली नव्हती. जांभळाची दारू ओतली आणि सगळी निळी-हिरवी झाली. सासूबाईंनी अख्खं घर डोक्यावर घेतलं होतं. "विटाळात शिवली असेल! नवी सून आली आणि बरणी नासली!" एकोणीस वर्षांची शांता तीन दिवस रडली होती. शेवटी रिटामावशीनं सासूसमोर बरणीत लिंबू पिळलं. हिरवं होतं ते परत लाल झालं. "विटाळ लिंबानं जातो काय हो वयनी? सोडा राहिला होता, सोडा!"

पस्तीस वर्षांपूर्वीचं ते हिरवं आणि तीन आठवड्यांपूर्वीचं हिरवं. रंग एकच.

"मावशी," शांता हळूच म्हणाली, "मी त्या दिवशी बघितलं होतं. त्या सुरजकडे दोन बादल्या होत्या. डावीकडची निळी, उजवीकडची लाल. ह्यांचा ग्लास त्यानं निळ्या बादलीतून काढला. त्या बाईचा लाल बादलीतून."

"आणि मेले सगळे म्हणत असतील, बाबा किती स्वच्छता पाळतात!"

दोघी हसल्या. मग हसू थांबलं. शांतानं ग्लास सोड्याच्या पाण्यातून काढला, मागच्या वर्षीच्या बाटलीतलं दोन चमचे ओतलं आणि नवऱ्यासमोर नेऊन ठेवलं. हिरवं.

काशिनाथ चिडला. "तुझी जांभळं आणि बाबांची एक काय? तू सोडा टाकलास म्हणून झालं. तिथं कोण टाकतंय? धुतलेला ग्लास असतो! चारशे माणसं वेडी, आणि तू एकटी शहाणी?"

"अहो, मी फक्त म्हणते, बादली बघा."

"रविवारी तोंड उघडलंस तर माझ्या घरात पाय ठेवू नकोस."

शांतानं रविवारी पिशवी भरली. पाण्याची बाटली, साखर तपासायचं मशीन, बर्फाच्या थर्मासात कोथिंबिरीखालच्या शिश्या.

---

त्या रविवारी शेडमध्ये उभं राहायला जागा नव्हती. बाबांनी काशिनाथला लंगडत येताना बघितलं आणि माइक उचलला. "माउली, हे निर्मळचे बागायतदार. एकवीस दिवस सुई नाही! आज ह्यांचा निकाल!"

सुरजनं हात लाल बादलीकडे नेला.

"थांब रे दादा," शांता स्टेजवर चढली. "त्या निळ्या बादलीतून ग्लास काढ."

"ताई, खाली बसा. पूजेचं पाणी आहे."

"पूजेचंच आहे तर दोन्ही सारखंच ना? मग निळ्यातून काढ."

"शांते!" काशिनाथचा आवाज फाटला. गर्दीतून शिव्या सुरू झाल्या. "उतरवा तिला!" "नवरा बरा होतोय, ते बघवत नाही!" कोणीतरी चप्पल भिरकावली, ती बरणीला लागता लागता वाचली.

बाबा मात्र हसत होते. "बाई, तुमच्या मनातच विष आहे. या, फुंकर मारा, तुमचाच रिपोर्ट काढू."

"माझा नको. तुमचा काढते," शांता म्हणाली. आणि सुरज पुढं व्हायच्या आत तिनं निळ्या बादलीत ग्लास बुडवून काढला, बाबांच्या तोंडासमोर धरला, बरणीतली पळी उचलली आणि ओतली.

हिरवं.

मागून कोणीतरी म्हणालं, "आयला, बाबालाच साखर!"

पहिलं हसू फुटलं. बाबांचं मात्र गेलं. "तिनं हातात काहीतरी लपवलंय! कपट आहे!"

"कसला कपट?" पुढच्या रांगेतली जूचंद्रची रंभाआजी काठी टेकत उठली. "साधा पानी हाय ना? मंग मी हात घालून बगतंय." सुरजनं अडवलं तर तिनं त्याच्या नडगीवर काठी हाणली. निळ्या बादलीत हात घातला, बोटं एकमेकांवर चोळली. "बुलबुलीत हाय गो! पन्नास वरसं कपडं धुतलं मी. ह्यो पानी नाय, ह्यो कपड्याचा सोडा!" मग लाल बादलीतलं बोट जिभेला लावलं आणि तोंड वाकडं केलं. "आनि ह्यो आंबाट! लिंबाचा फूल, सरबतात घालतात त्यो!"

गर्दी पुढं सरकली. पण शांता गर्दीकडे बघतच नव्हती. ती नवऱ्याकडे बघत होती.

काशिनाथ लंगडत पुढं आला. शांताच्या पिशवीतली पाण्याची बाटली काढून त्यानं एक ग्लास स्वच्छ धुतला. निळ्यात बुडवला, अमृत ओतलं. हिरवं. परत धुतला, लाल बादलीत बुडवला, ओतलं. लाल. परत निळ्यात. हिरवं. परत लाल बादलीत. लाल. परत निळ्यात. हिरवं. एकदाही फुंकर मारली नाही. तोंडानं तो पाइप तपासतानासारखं काहीतरी पुटपुटत होता.

शेवटी त्यानं माइक घेतला.

"पाच मिनिटांत मला तीनदा साखर झाली आणि दोनदा गेली."

शांतानं त्याचं बोट धरलं, टोचलं, मशीन लावलं. चारशे सत्तर. "ह्याच्यावर फुंकर मारून बघा," ती म्हणाली. "बदलतो का आकडा."

तो खाली बसला आणि लहान मुलासारखा म्हणाला, "शिश्या टाकल्या गं मी."

"उचलल्या मी," शांता म्हणाली. "डॉक्टरीणबाई सांगतील तेवढं देऊ. उठा आता."

---

मागच्या दारानं पळताना बाबांना पोरांनी गाठलं. पोलीस आले तेव्हा कळलं की हा पूर्वी नालासोपाऱ्यात घरोघरी पाण्याचे फिल्टर विकायचा. पाण्यात थेंब टाकायचे, रंग बदलला की "बघा ताई, किती घाण पिता तुम्ही" म्हणायचं आणि फिल्टर गळ्यात मारायचा. धंदा तोच. फक्त थेंबांच्या जागी बादली आली आणि ताईच्या जागी माउली. जांभळाच्या सालीतला रंग आंबटात लाल आणि सोड्यात हिरवा होतो. कोणाचाही श्वास असो, नसो. ह्यात माता नाही, व्हायब्रेशन नाही, अमेरिका तर नाहीच नाही. हे वसईतली कुठलीही बरणी धुणारी बाई सांगेल. पण तिला विचारतं कोण?

काशिनाथची दोन बोटं गेली. पाय राहिला. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, अजून आठवडा गेला असता तर गुडघ्याखाली काही उरलं नसतं. त्या अर्नाळ्याच्या 'सुटलेल्या' बाईलाही शांता आणि रिटामावशी रिक्षानं जाऊन घेऊन आल्या. तीही गोळ्या सोडून बसली होती.

आता निर्मळला कोणी कुठल्या बाबाचं नाव काढलं की काशिनाथ चप्पल काढतो. मारायला नाही, पाय दाखवायला. आणि एवढंच सांगतो: "जायचं तर जा बाबा. पण ग्लास घरचा ने, पाणी घरचं ने. तो नको म्हणाला, तर तिथूनच मागं फिर. मी नाही फिरलो."