उरलेली चार मिनिटं

स्केरा हे स्कॉटलंडच्या पार टोकाचं बेट. वस्ती नव्वद माणसांची, बोली गेलिक आणि सपाट जागा एकच, फुटबॉलचं मैदान. त्यामुळे २००६ साली शेजारच्या बेटाशी मॅच ऐन रंगात असताना बेटाच्या संघाचा म्हातारा प्रशिक्षक कॅलम याच्या छातीत कळ आली, तेव्हा हेलिकॉप्टर कुठे उतरवायचं, हे बेटावरच्या एकुलत्या डॉक्टर सुनीतीला कुणाला विचारावं लागलं नाही.

"मॅच थांबवा!" ती ओरडली.

"चारच मिनिटं राहिलीत गं पोरी," कॅलम कण्हला. "दहा वर्षं हरतोय, आज कुठे बरोबरीत आहोत."

"गप्प पडून राहा! जगलात तर खेळवाल."

शिव्या खायची तिची तयारी होती. पण बावीसच्या बावीस खेळाडूंनी खेळ सोडून कॅलमला अलगद उचललं. हेलिकॉप्टरच्या वाऱ्याने मेंढ्यांची लोकर उलटी झाली, पाद्रीबाबांची टोपी उडाली ती थेट आइसलंडला पोचली आणि चेंडू आपणहून घरंगळत पाहुण्यांच्या गोलात शिरला.

"गोल!" अख्खं बेट गरजलं.

स्ट्रेचरवरून कॅलम गुरकावला, "फुकटचा गोल नको मला! परत आलो की उरलेली चार मिनिटं खेळू."

दीड महिन्याने तो चांगला हिंडताफिरता परतला. पाहुणे खवळलेल्या समुद्रातून चार तास बोट हाकत आले, फक्त चार मिनिटांसाठी. तिसऱ्या मिनिटाला त्यांनीच गोल मारला. सगळ्यांत मोठ्या टाळ्या कॅलमच्या! सुनीतीने धावत जाऊन त्याची नाडी धरली. ती विशीतल्या पोरासारखी ठणठणीत चालली होती.

"पुढच्या वर्षी बघतोच त्यांना," कॅलम म्हणाला.