कास्तँगचे संवाद, म्हणजे माझे

सहा वर्षं, नऊ सिनेमे! पोस्टरवर नाव फिर्मँ कास्तँगचं आणि संवाद माझे, ओदील मार्शांदोचे. पॅरिसच्या आमच्या धंद्यात कथा एकाची, संवाद दुसऱ्याचे, आणि तो दुसराही तिसरीला गुपचूप राबवतो. जगाला मी त्याची टायपिस्ट. "पुढच्या सिनेमाला तुझं नाव, पोरी," असं तो दरवेळी म्हणे. बोलाचीच कढी!

त्या शुक्रवारी स्टुडिओत बेकरीचा सीन होता. नवरा तीन वर्षांनी परततो, बायको पाव विकतेय. संध्याकाळी साडेसातला काम बंद आणि सोमवारी सेट पाडायचा. नेमका हाच सीन मास्तरांनी, म्हणजे कास्तँगनं, हौसेनं स्वतः लिहिलेला. तो वाचून आमची मोठी नटी सोलांज व्होबेर उखडली.

"दीड पान रडगाणं? मास्तर, गिऱ्हाइकं रांगेत उभी असताना कोणती बाई असं बोलते हो?"

कास्तँग माझ्या कानाशी लागला. "लिही लवकर. पण बाहेर जाऊन. कुणाला दिसायला नको."

माझं डोकंच फिरलं. बाहेर कशाला? चोरी केलीय का मी? तिथंच पावांशेजारी कागद ठेवला आणि सगळ्यांदेखत लिहिलं: 'सकाळचा पाव संपला. पुढची भट्टी सहाला. थांबणार असशील तर थांब.'

सोलांजबाईंनी ते मोठ्यानं वाचलं. शिडीवरचा दिवेवाला म्हणाला, "आता कसं! माझी बायको अश्शीच बोलली असती."

"हिचं नाव लागणार असेल तरच मी तोंड उघडीन," बाई शेजारी उभ्या निर्मात्याला म्हणाल्या.

"अहो, टायपिस्ट आहे ती!" कास्तँग ओरडला.

"असं? मग पुढची ओळ तुम्ही लिहा. नवरा काय म्हणतो?"

त्यानं पेन्सिल घेतली. पाच मिनिटं झाली, दहा झाली. कागद कोराच! शेवटी पेन्सिल खाली ठेवून तो पुटपुटला, "तिचंच नाव लावा." मला त्याची दया आली, पण फार नाही.

एप्रिलमधल्या बुधवारी सिनेमा लागला. पहिल्याच दिवशी दुपारी दोनच्या खेळाला मी जाऊन बसले. पडद्यावर नावं सुरू झाली आणि उशिरा आलेली एक जाडजूड बाई बरोब्बर माझ्यासमोर उभी! वर टोपी! जागा दाखवणारी बॅटरीवालीही तिच्याशेजारी.

"अहो, बसा ना खाली!" मी किंचाळले. "माझं नाव येतंय!"

दोघींनी दचकून पडद्याकडे पाहिलं. बॅटरीवालीनं सावकाश, अख्ख्या थेटराला ऐकू जाईल असं वाचलं, "संवाद... ओदील मार्शांदो. अगंबाई, बाईनं लिहिलेत?"

"हो! बाईनंच!" मी रडत ओरडले.