जांभळी किनार

मित्रांनो, लाथा खाऊनच जगलेली मी एक जुनी पंचिंग बॅग आहे. म्हशीच्या कातड्याची. थायलंडातल्या बुरीरामजवळच्या एका खेड्यात, चिंचेखालच्या पत्र्याच्या, लाथाबुक्क्यांची लढत शिकवणाऱ्या तालमीत मी तेवीस वर्षे लटकले. तालीम वस्ताद चम्नोंग यांची. इथला प्रत्येक मल्ल आपल्या नावापुढे 'सित-चम्नोंग', म्हणजे चम्नोंगचा शिष्य, असे लावी. ते नाव लावणारा उरला नाही की तालीम मेली, असे आमच्याकडे धरतात.

माझ्या पोटात गावाचे जुने कपडे भरलेले. लाथांनी ते खाली बसत आणि बूड दगडासारखे होई. मग वस्तादांची बायको बुआलाई मला उसवून पुन्हा भरी. तिला मूलबाळ नव्हते. पोरे तिला काकी म्हणत आणि तिच्या हातचा चिकट भात नि भाजलेला मासा चाटूनपुसून खात.

दाओरुंग त्यांच्यातला पट्टीचा मल्ल. पहिल्या लढतीआधी आमच्याकडे आई आपल्या नेसूच्या सारोंगची चिंधी मुलाच्या दंडपट्टीत शिवून देते. दाओरुंगची आई तो तान्हा असतानाच गेली होती. बुआलाईने आपल्या जांभळ्या सारोंगची किनार फाडली, लाल पट्टीच्या आत शिवून टाकली आणि त्याला म्हणाली, "तुझ्या आईची आहे बाबा. तुझ्या आजीनं जाताना माझ्याकडे दिली होती." उरलेले सारोंग तिने माझ्या पोटात घातले. बाकीच्या पोरांनाही थोडी माया लागावी, एवढाच तिचा हेतू. हे तिला आणि मलाच ठाऊक.

पुढची सात वर्षे आम्ही जिंकत होतो. दाओरुंगने बँकॉक गाजवले, तेव्हा माझ्याही गळ्यात झेंडूचा हार पडला. मी चढून गेले होते, खोटे कशाला बोलू? मग पोरे एकेक करून कारखान्यांत गेली, दाओरुंग धरून तिघेच उरले. दाओरुंगचे वय झाले आणि तो ओळीने चार लढती हरला. त्या वर्षी बुआलाईचा हात दुखत होता, म्हणून मला त्यानेच उसवले.

जांभळे कापड त्याने काठीने बाहेर ओढले. "हे कुणाचं?"

"माझं," बुआलाई म्हणाली.

"काकी, डोकं ठिकाणावर आहे ना? बाईचं नेसूचं आमच्या बॅगेत? तरीच आम्ही मार खातोय."

"नऊ वर्षं आहे ते आत. जिंकलास तेव्हाही होतं."

"आईची चिंधी असती तर गोष्ट वेगळी." त्याने दंडावरची पट्टी चाचपली. "तुम्ही कुणाच्या आई?"

बुआलाईने तोंड उघडले. त्याच्या दंडाकडे पाहिले आणि मिटून घेतले. वस्ताद खाली मान घालून उभे राहिले. मला त्यांचा फार राग आला, अजूनही आहे.

सारोंग चिंचेखाली जाळले. त्याची किनार कुठे गेली, हे कुणी विचारले नाही. आठवड्यात तिघेही निघून गेले. बुआलाई सुरीनला भावाकडे गेली ती परतली नाही. वस्ताद आता दिवसभर रिकाम्या रिंगणाच्या कडेला बसतात आणि माझ्या उसवलेल्या, अर्ध्या रिकाम्या पोटात कोंबड्या अंडी घालतात.

समोरच्या दुकानावर दाओरुंगचे पोस्टर लागले आहे. नावापुढे दुसऱ्याच तालमीचे नाव आहे. दंडावर तीच लाल पट्टी आहे.

मित्रांनो, मला शिवा असे मी म्हणत नाही, आता शिवून कुणासाठी लटकू? पण तुम्हाला कुणी घास भरवला असेल, तर ती आपली कोण, एवढे तिच्या डोळ्यांदेखत ओळखा. ती स्वतः सांगणार नाही. आणि मला तोंड आहे ते उसवलेले, त्यातून चिंध्याच बाहेर येतात.