डोळ्यांची आखणी

"यात डोळे कुठे आहेत?" रोह्याच्या लीयाबाईंनी कागद चष्म्याजवळ धरून विचारलं.

"नायत," सरू म्हणाली. "त्याचसाठी आलेय मी, बाई."

हमरापूरहून सकाळची गाडी पकडून ती आली होती. ऐन आषाढात, गणपती रंगवायच्या घाईत, कारखान्यातली मुख्य कारागीर दिवसभर गायब म्हणजे मालकाने डोक्याला हात लावायचा. पण प्रश्न अपेक्षाचा होता, तिच्या चौथीतल्या मुलीचा. शाळेत माणूस काढायला सांगितला. अपेक्षाने काढला. शर्टाला मोजून पाच बटणं, पायात चपला, पण डोळे नाहीत. तिच्या वर्गाच्या वैशाली मॅडमनी लगेच निरोप धाडला, सोमवारपासून पोरीला उभारी वर्गात बसवणार.

उभारी वर्ग ही लीयाबाईंचीच कल्पना. त्या मानसशास्त्रज्ञ. तीस वर्षांपूर्वी गावोगावच्या शाळा पालथ्या घालून त्यांनी पुस्तक लिहिलं होतं. शाळा बदलायची तर गावही बदलायला हवं, आणि गाव बदलायचं तर आधी आयांना शाळेत बोलवा, असं त्यांचं म्हणणं. त्या पुस्तकामुळे शाळेच्या समितीत बायका आल्या, मूर्तींच्या हंगामात शाळा सकाळची झाली. हे सगळं चांगलंच झालं. पण त्यातच एक प्रकरण होतं. डोळ्यांविना माणूस काढणारं मूल आतून मिटलेलं असतं, त्याला वेगळं बसवून उभारी द्या. मॅडमनी नेमकं तेच पान दुमडून ठेवलं होतं. गाव उभारी वर्गाला 'ढ वर्ग' म्हणतं. त्यासाठी गावाला पुस्तक वाचावं लागत नाही.

"घरी काही त्रास आहे का गो तिला?" बाईंनी विचारलं.

"त्रास कसला! तोंड बंद नसतं तिचं. बाई, आमच्यात डोळे शेवटी काढतात. सगळा गणपती रंगवून झाला की मग आखणी, ती पण एकाच जाणत्या हातानं. पोरांनी डोळ्याला ब्रश लावला तर कानाखाली बसते. अपेक्षाला मीच ताकीद दिलीय. तिनं माणूस काढला न् डोळे माझ्यासाठी ठेवले."

बाई उठल्या. काठी टेकत कपाटाकडे गेल्या आणि एक जुनी फाईल घेऊन आल्या. आत सतरा चित्रं होती. एकालाही डोळे नव्हते.

"ही सगळी तुमच्याच शाळेतली. मला वाटलं, अख्खी शाळाच मिटलीय. यावर मी व्याख्यानं दिली गो, टाळ्या घेतल्या. काखेत कळसा नि गावाला वळसा! एका पोराला नुसतं विचारलं असतं तर?"

सरू एकेक कागद उलटत होती. अकराव्यावर थांबली. डोक्यावर टोपली घेतलेली बाई, नाकात मोठी नथ. मागे पेन्सिलीने लिहिलेलं, सरू, चौथी.

"ह्ये माझं हाय."

बाई खुर्चीत बसल्या. "म्हणजे तुलाही..."

"बसवलं ना. सातवीपर्यंत तिथंच होते. मग सोडली शाळा."

तिने हे रागाने सांगितलं नाही, पण राग नव्हता असंही नाही. तिला गणित आवडायचं. ढ वर्गात गणित शंभराच्या पुढे जात नसे.

बाईंनी मॅडमना चिठ्ठी लिहिली. चूक माझी आहे, मुलीची नाही. तिला तिच्या वर्गातच राहू द्या. पुढच्या आवृत्तीत हे प्रकरण नसेल. खाली सही केली, फोन नंबर घातला.

"नाही ऐकलं तर मी स्वतः येईन, तुझ्याच गाडीने."

मग त्यांनी सरूचं जुनं चित्र तिच्यापुढे सरकवलं, वर पेन ठेवलं.

"आता काढ डोळे. आता तुझाच हात जाणता आहे."

खरंच होतं ते. कारखान्यातल्या प्रत्येक मूर्तीची आखणी सरूच करायची. तिने पेन उचललं, जरा वेळ त्या कोऱ्या चेहऱ्याकडे पाहिलं आणि पेन परत ठेवलं.

"नको. तवा ते बरोबरच होतं. तुम्ही तेवढी बरोबरची खूण करा, बाई."

बाईंनी लाल पेन शोधून काढलं. त्यांनी ओढलेली खूण लांबली, थेट टोपलीपर्यंत गेली. शाई वाळेपर्यंत सरूने कागद हातात धरून ठेवला. मग मुलीच्या चित्रावर तो नीट ठेवून पिशवीत घातला आणि स्टेशनाकडे निघाली.